दाबोळीची धावपट्टी : बॉम्ब, खड्डे आणि सातशे मीटर

बुलढाणा जिल्ह्यात प्रवासी विमानतळ नाही. विमान पकडायचे तर इथला माणूस छत्रपती संभाजीनगरला चिकलठाण्याला जातो, नाहीतर नागपूर, पुणे किंवा मुंबई गाठतो. शेजारी अकोल्याला शिवणीची धावपट्टी आहे. ती १९४३ मध्ये, म्हणजे दुसरे महायुद्ध ऐन भरात असताना बांधली गेली. नागपूरचे सोनेगाव त्याच युद्धात ब्रिटिश हवाई दलाच्या वापरात होते. पुण्याचे लोहगाव १९३९ मध्ये मुंबईच्या संरक्षणासाठी उभे राहिले आणि बेळगावचे सांबरा १९४२ मध्ये. आपल्या भागातले बहुतेक जुने विमानतळ प्रवाशांच्या सोयीसाठी जन्मलेले नाहीत. युद्धाच्या गरजेतून ते बांधले गेले, प्रवासी नंतर आले.

या सर्वांहून वेगळी कथा गोव्याच्या दाबोळीची आहे. तो नागरी विमानतळ म्हणूनच बांधला गेला आणि अवघ्या सहा-सात वर्षांत त्यावर बॉम्ब पडले. बॉम्ब टाकणारी विमाने पुण्याहून निघाली होती. मराठी मुलखाच्या इतिहासात एका आंतरराष्ट्रीय विमानतळावर युद्ध प्रत्यक्ष येऊन आदळल्याचे इतके ठळक उदाहरण दुसरे नाही. आपल्याकडून सुट्टीला गोव्यात जाणारी कितीतरी कुटुंबे आज त्याच जागेवर उतरतात. विमानाच्या वेळा अशा विचित्र का असतात, उतरताना खिडकीतून राखाडी रंगाची लढाऊ विमाने का दिसतात, एवढ्या गजबजलेल्या पर्यटनस्थळी नौदल कशाला, असे प्रश्न त्यांना पडतात. त्यांची उत्तरे १९५५ आणि १९६१ या दोन वर्षांत आहेत.

सुरुवात नाकेबंदीपासून करावी लागते.

१९५४ मध्ये दादरा आणि नगर हवेली पोर्तुगिजांच्या हातून गेली. त्यानंतर गोव्याभोवतीचा फास भारताने आवळत नेला. १९५५ च्या मे महिन्यात नानासाहेब गोरे आणि सेनापती बापट सत्याग्रहींची तुकडी घेऊन गोव्याच्या हद्दीत शिरले. त्याच वर्षी १५ ऑगस्टला हजारो निःशस्त्र सत्याग्रही सीमेवर गेले, पोर्तुगीज पोलिसांनी गोळीबार केला आणि अनेक जण मरण पावले. त्यानंतर राजनैतिक संबंध तुटले, रेल्वे थांबली, सीमा बंद झाली. गोव्याला माल मिळे तो फक्त समुद्रमार्गे. बटाटे हॉलंडहून, तांदूळ आणि भाजीपाला पाकिस्तानातून, चहा सिलोनहून, सिमेंट जपानहून, अशी तेव्हाची अवस्था होती. ज्या गोव्याला भाजी घाटावरून यायची, तिथे ती आता कराचीच्या बाजूने येऊ लागली.

अशा कोंडलेल्या प्रदेशाला आकाशाचा दरवाजा हवा होता. म्हणून पोर्तुगीज सरकारने वास्को द गामा शहराजवळ, मुरगाव तालुक्यात, सुमारे २४९ एकरांवर दाबोळीचा विमानतळ बांधला. पुढे त्याला गव्हर्नर जनरल बेनार्ड गेदेस यांचे नाव देण्यात आले. १९५५ पासून तिथे एक स्थानिक विमान कंपनीही चालू लागली. ‘ट्रान्सपोर्तेस आएरेओस दा इंदिया पोर्तुगेझा’ हे तिचे नाव, लोक तिला आद्याक्षरांनी ‘टाइप’ म्हणत. दमण, दीव आणि कराची हे तिचे नेहमीचे मार्ग. पुढे मोझांबिक आणि तिमोरपर्यंत तिची विमाने गेली. नकाशा पुढे घेतला तर या मार्गांची रचना लगेच ध्यानात येते. गोवा, दमण, दीव आणि कराची ही चारही ठिकाणे अरबी समुद्राच्या काठावर आहेत, त्यामुळे भारताच्या भूमीवरून न जाता विमान समुद्रावरूनच पुढे सरकू शकत होते. दाबोळी जन्मापासून आंतरराष्ट्रीय होता, कारण शेजारच्या सावंतवाडीला किंवा बेळगावला जायचा रस्ताच त्याला बंद होता.

जागेची निवडही पाहण्यासारखी आहे. आपल्याकडे पूर्णेच्या खोऱ्यात काळी कपाशीची जमीन आहे. उन्हाळ्यात तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात आणि पावसाळ्यात ती फुगते. अशा जमिनीवर धावपट्टी बांधायची तर आधी काळी माती खोलवर उपसावी लागते, मग मुरूम आणि खडीचे थर भरून दाबावे लागतात. नाहीतर वरचा डांबराचा किंवा काँक्रीटचा थर दोन पावसाळ्यांत तडकतो. दाबोळीला तसे नाही. तिथे जांभ्याचा सडा आहे, म्हणजे समुद्रसपाटीपासून साधारण ५६ मीटर उंचीचे सपाट पठार. जांभा उघड्यावर वाळला की कडक होतो. त्यात पाणी मुरते आणि पठाराच्या कडांवरून उताराला निघून जाते. वर्षाला सुमारे ३,००० मिलिमीटर पाऊस पडणाऱ्या प्रदेशात ही मोठी सोय आहे. शिवाय समुद्र आणि मुरगाव बंदर दोन्ही हाकेच्या अंतरावर. बंदर आणि विमानतळ जवळजवळ असणे व्यापाराला चांगले, पण युद्धात त्याचा अर्थ असा की दोन्ही लक्ष्ये एकाच ठिकाणी आहेत.

१९६१ च्या नोव्हेंबरात कारवारजवळच्या अंजदीव बेटावरून पोर्तुगीज सैनिकांनी ‘साबरमती’ या प्रवासी बोटीवर गोळ्या झाडल्या. पुढे एका मच्छीमाराचा बळी गेला. त्यानंतर लष्करी कारवाईचा निर्णय पक्का होत गेला आणि ‘ऑपरेशन विजय’ची आखणी झाली. हवाई बाजूची सूत्रे एअर व्हाइस मार्शल एर्लिक पिंटो यांच्याकडे होती. हवाई दलाला दिलेली कामे मोजकी आणि स्पष्ट होती : दाबोळीची धावपट्टी निकामी करणे, पण टर्मिनल आणि इतर इमारतींना धक्का न लावणे, बांबोळीचे बिनतारी केंद्र बंद पाडणे, दमण आणि दीवचे विमानतळ शत्रूला वापरू न देणे आणि पुढे सरकणाऱ्या पायदळाला लागेल ती मदत करणे.

पहिल्या कामातली अट मला फार महत्त्वाची वाटते. धावपट्टी फोडा, इमारत ठेवा. ज्या प्रदेशाला आपण आपला मानतो, त्याचा विमानतळ उद्या आपल्यालाच चालवायचा आहे, हे आखणी करणाऱ्यांनी बॉम्ब विमानात चढण्याआधीच ठरवले होते. युद्धाच्या घाईत असे भान राहतेच असे नाही.

धावपट्टीच का, हा प्रश्न इथे येतो. गोव्यात पोर्तुगिजांचे एकही लढाऊ विमान नव्हते. मग विमानतळ फोडायचा कशाला? कारण धोका विमानतळावर उभ्या असलेल्या विमानांचा नसून तिथे येऊ शकणाऱ्या विमानांचा असतो. कराची काही तासांच्या अंतरावर होती. रातोरात कुमक, दारूगोळा किंवा लढाऊ विमाने उतरली असती तर जमिनीवरच्या लढाईचे गणित बदलले असते. इमारत पाडली तरी विमान उतरू शकते, नियंत्रण मनोरा पाडला तरी अनुभवी वैमानिक उतरू शकतो. धावपट्टीवर ठरावीक लांबीचा सलग, गुळगुळीत पट्टा शिल्लक नसेल तर मात्र काहीच होत नाही. विमानतळाचा प्राण त्या पट्ट्यात असतो.

आता हल्ला करणाऱ्याच्या बाजूने पाहू. धावपट्टी लांबीला दोन-तीन किलोमीटर असली तरी रुंदीला ती साधारण ४५ मीटर असते. हजारो फुटांवरून पाहिले तर ती बारीक रेघ दिसते. १९६१ मध्ये आजच्यासारखे मार्गदर्शित बॉम्ब नव्हते. विमानातून बॉम्ब सुटला की वारा, विमानाचा वेग आणि उंची यांच्या हिशेबाने तो पडे, म्हणून बॉम्ब एकामागून एक सोडून रांग तयार करायची पद्धत होती. पट्टीच्या अगदी सरळ रेषेत रांग सोडली आणि नेम थोडा जरी बाजूला गेला, तर सगळे बॉम्ब शेजारच्या मातीत जातात. अगदी काटकोनात आडवी रांग सोडली तर एखाद-दुसराच पट्टीवर पडतो. म्हणून सामान्यतः थोड्या तिरप्या कोनातून येतात, म्हणजे रांगेतले निदान काही बॉम्ब पट्टीला छेदतात. अनेक विमाने अशी आली की पट्टी ठिकठिकाणी कापली जाते. शत्रूच्या विमानाला उडण्यासाठी लागणारी किमान लांबी कुठल्याही दोन खड्ड्यांच्या मध्ये सलग उरू नये, हा सगळा खटाटोप असतो.

हे किती अवघड आहे याचे पुढच्या काळातले प्रसिद्ध उदाहरण फॉकलंड बेटांचे. १ मे १९८२ रोजी ब्रिटनच्या एका व्हल्कन बॉम्बफेकी विमानाने पोर्ट स्टॅन्लीच्या विमानतळावर प्रत्येकी हजार पौंडांचे २१ बॉम्ब टाकले. त्यातला एकच पट्टीवर पडला, बाकीचे आसपास. अर्जेंटिनाची मालवाहू विमाने त्यानंतरही तिथे उतरत राहिली.

दाबोळीवर याच्या कितीतरी पट मोठा आघात झाला. १८ डिसेंबर १९६१ च्या सकाळी विंग कमांडर एन. बी. मेनन यांच्या नेतृत्वाखाली १२ कॅनबेरा विमाने पुण्याहून येऊन दाबोळीवर पोहोचली. काही मिनिटांत त्यांनी ६३,००० पौंड, म्हणजे साडेअठ्ठावीस टनांच्या आसपास बॉम्ब टाकले. एका विमानामागे हिशेब केला तर जवळपास २,४०० किलो होतात. नंतर विंग कमांडर सुरिंदर सिंग यांच्या नेतृत्वाखाली आणखी आठ कॅनबेरा आली आणि त्यांनीही तेच लक्ष्य केले. दोन्ही हल्ल्यांत टर्मिनल आणि इतर इमारती सुरक्षित राहिल्या. दिलेली अट पाळली गेली. बांबोळीच्या बिनतारी केंद्राचे काम सहा हंटर विमानांनी रॉकेट आणि तोफांनी पूर्ण केले. त्याच दिवशी मुरगाव बंदराजवळ ‘अफोन्सो द अल्बुकर्क’ या पोर्तुगीज युद्धनौकेला भारतीय नौदलाने निकामी केले.

वरून पाहणाऱ्याला धावपट्टी संपलेली दिसत होती. पण विमानतळाच्या बाबतीत ‘संपली’ हा शब्द फार जपून वापरावा लागतो, आणि त्याच रात्रीने ते दाखवून दिले.

दाबोळीच्या अ‍ॅप्रनवर, म्हणजे विमाने उभी करण्याच्या मोकळ्या फरशीवर, त्या दिवशी दोन नागरी विमाने होती. एक पोर्तुगालच्या राष्ट्रीय विमान कंपनीचे सुपर कॉन्स्टेलेशन, दुसरे ‘टाइप’चे चार इंजिनांचे डग्लस. हल्ल्यानंतरही ती उडण्याच्या स्थितीत होती. सरकारी आणि लष्करी अधिकाऱ्यांची काही कुटुंबे अजून गोव्यात होती. सहा दिवसांपूर्वी, १२ डिसेंबरला, ‘इंदिया’ नावाच्या जहाजातून सुमारे ७०० युरोपीय नागरिक निघून गेले होते. लिस्बनहून तसे न करण्याचा हुकूम असतानाही गव्हर्नर जनरल वासालो इ सिल्वा यांनी त्यांना जाऊ दिले होते. उरलेल्यांना आता समुद्राचा मार्ग बंद होता.

संध्याकाळी विमानतळाचे कामगार धावपट्टीवर उतरले. इथे थोडे थांबून खड्डा बुजवण्याचे काम समजून घेऊ, कारण सारा डाव त्यावर होता.

बॉम्बचा खड्डा वरून दिसतो त्याहून मोठा असतो. स्फोटाने मधली माती आणि दगड बाहेर फेकले जातात, कडेचा काँक्रीटचा थर वर उचलला जातो आणि आजूबाजूला दूरवर गिट्टी, तुकडे आणि धातूचे कपचे पसरतात. नुसती माती लोटून खड्डा भरला तर पहिल्याच चाकाखाली ती बसते. नीट करायचे तर उचललेल्या कडा तोडाव्यात, तळातली सैल माती काढावी, मोठा दगड, मग मुरूम, मग बारीक खडी असे थर भरून प्रत्येक थर दाबावा आणि वरचा भाग उरलेल्या पट्टीच्या पातळीशी जुळवावा. पातळीत थोडा जरी उंचवटा राहिला तर वेगाने धावणाऱ्या विमानाच्या चाकाला आणि पायाला जबर धक्का बसतो. तितकेच महत्त्वाचे काम झाडलोटीचे. एक दगड पंख्यात किंवा इंजिनात गेला, टायरखाली आला, तर खड्डे बुजवूनही उपयोग नाही. म्हणून घाईच्या वेळी सगळी धावपट्टी दुरुस्त करण्याच्या भरीस कोणी पडत नाही. कमीत कमी खड्डे असलेला एक सलग तुकडा निवडायचा आणि सगळी माणसे तेवढ्यावरच लावायची.

या कामाचे भारतातले सर्वांत तेजस्वी उदाहरण दहा वर्षांनी भुजला घडले. डिसेंबर १९७१ मध्ये पाकिस्तानी हवाई हल्ल्यांनी भुजची धावपट्टी उद्ध्वस्त केली. तिथले प्रमुख होते स्क्वाड्रन लीडर विजय कर्णिक, जन्म नागपूरचा. जवळच्या माधापर गावातल्या सुमारे ३०० बायकांनी ती पट्टी ७२ तासांत पुन्हा वापरण्याजोगी केली. भोंगा वाजला की त्या झुडपांत लपत आणि भोंगा थांबला की पुन्हा कामाला लागत. त्यातल्या बहुतेकींनी विमान जवळून पाहिलेही नसेल. विमानतळांच्या इतिहासात वैमानिकांची नावे राहतात, खडी वाहणाऱ्यांची सहसा राहत नाहीत. माधापरच्या बायकांचे गावाच्या नावाने तरी स्मरण राहिले, दाबोळीवर त्या संध्याकाळी राबलेल्या कामगारांचे तेवढेही राहिले नाही. त्यांनी हातात असलेल्या काही तासांत धावपट्टीचा एक तुकडा साफ केला आणि त्यावरच पुढचे सगळे घडले.

सुपर कॉन्स्टेलेशनचे कप्तान होते मानुएल कोर्रेया रेइस. पूर्ण भरलेल्या अशा विमानाला उडायला लागते त्याच्या निम्मीही पट्टी त्यांच्यापुढे नव्हती. अवघ्या सातशे मीटरमध्ये त्यांनी विमान उचलले. ते कसे शक्य झाले, हे समजायला फार अवघड नाही.

विमान हवेत जाण्यासाठी पंखांवर पुरेशी उचल तयार व्हावी लागते आणि उचल वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. विमान हलके असेल तर कमी वेगावरच ते जमीन सोडते, हा पहिला फायदा. दुसरा फायदा असा की इंजिनांची ताकद तीच असताना हलके विमान वेग लवकर पकडते. राजूर घाट चढणारी खचाखच भरलेली एसटी आणि तीच एसटी रिकामी, यांतला फरक ज्याने पाहिला आहे त्याला हे वेगळे सांगायला नको. दोन्ही फायदे एकत्र आले की धावण्याचे अंतर वजनाच्या जवळपास वर्गाच्या प्रमाणात घटते. वजन एक पंचमांशाने कमी केले तर अंतर एक तृतीयांशाहून थोडे अधिक कमी होते. म्हणून वैमानिकांनी जास्तीची आसने आणि नको ते सगळे सामान विमानातून काढून टाकले. जायचे कराचीला होते, लिस्बनला नव्हे. सुमारे तेराशे किलोमीटरच्या प्रवासाला टाक्या काठोकाठ भरण्याचे कारण नव्हते आणि विमानातले सर्वांत जड ओझे बहुधा इंधनाचेच असते. डिसेंबरची रात्रही मदतीला होती. थंड हवा दाट असते, दाट हवेत पंखांना उचल अधिक मिळते आणि पंख्यांची पकडही चांगली बसते.

तरीही ते उड्डाण जिवावरचे होते. पट्टीवर उरलेले दगडाचे आणि धातूचे तुकडे उडून विमानाच्या धडाला २५ भोके पडली आणि एक टायर फुटला. पाठोपाठ ‘टाइप’चे संचालक मेजर सोलानो द आल्मेदा यांनी डग्लस उचलले. दोन्ही विमाने अंधारात, समुद्राला जवळजवळ चिकटून, भारतीय टेहळणी चुकवत कराचीला पोहोचली. गोवा मुक्त झाला पाहिजे होता आणि झाला, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. त्या उड्डाणात बायका-मुले होती आणि ती सुखरूप पोहोचली, याचाही मला तितकाच आनंद वाटतो.

१९ डिसेंबरला रात्री वासालो इ सिल्वा यांनी शरणागती पत्करली. पोर्तुगालचे पंतप्रधान सालाझार यांनी शेवटपर्यंत लढण्याचा आदेश दिला होता, तो त्यांनी मानला नाही. त्याबद्दल पोर्तुगालने त्यांना सैन्यातून काढून टाकले. १९७४ मध्ये तिथली हुकूमशाही पडल्यावर त्यांचा मान परत मिळाला. गोव्यात पकडलेल्या तीन हजारांहून अधिक पोर्तुगीज सैनिकांना मे १९६२ मध्ये भाड्याच्या फ्रेंच विमानांनी कराचीला आणि तिथून जहाजांनी लिस्बनला पाठवण्यात आले.

बॉम्बचे खड्डे भरले गेले. त्याच वसंतात, मार्च-एप्रिल १९६२ मध्ये घडलेली एक गोष्ट मात्र आजतागायत टिकली आहे. विमानतळ संरक्षण खात्याने घ्यावा, अशी टिपणी मंत्रिमंडळात झाली आणि गोव्याचे लष्करी राज्यपाल मेजर जनरल के. पी. कँडेथ यांनी दाबोळीचा ताबा नौदलाकडे दिला. नौदलाला त्याची तातडीची गरज होती. ‘विक्रांत’ ही पहिली विमानवाहू नौका नुकतीच ताफ्यात आली होती आणि तिच्यावरच्या सी हॉक जेट विमानांना किनाऱ्यावर तळ हवा होता. सप्टेंबर १९६१ मध्ये कोईमतूरजवळ सुलूरला स्थापन झालेला ‘आयएनएस हंसा’ हा तळ जून १९६४ मध्ये दाबोळीला हलवला गेला. बंदर शेजारी, समुद्र समोर, पश्चिम किनाऱ्याचा मध्यभाग. पोर्तुगिजांना ज्या कारणांनी ही जागा पटली होती, जवळपास त्याच कारणांनी ती नौदलालाही पटली.

नागरी प्रवासी तिथे १९६६ पासून इंडियन एअरलाइन्सच्या विमानांनी परतले, पण ते मालक म्हणून नव्हे. या व्यवस्थेला ‘सिव्हिल एन्क्लेव्ह’ म्हणतात आणि ती पुण्यातही आहे. जिथून कॅनबेरा उडाली त्या लोहगावला धावपट्टी हवाई दलाची, तर दाबोळीला नौदलाची. या व्यवस्थेत धावपट्टी, तिची देखभाल आणि आकाशातल्या वाहतुकीचे नियंत्रण लष्कराकडे असते. टर्मिनल इमारत, तपासणी, सामानाचे पट्टे आणि प्रवासी विमाने उभी करण्याची जागा भारतीय विमानतळ प्राधिकरणाकडे. विमान कंपनीला नवी फेरी सुरू करायची असेल तर तिला धावपट्टीवर उतरण्याची ठरावीक वेळ मागावी लागते आणि ती वेळ लष्कर मोकळी करेल तेव्हाच मिळते. विमानतळ कितीही मोठा बांधा, तासाला किती विमाने उतरणार हे शेवटी धावपट्टीचा मालक ठरवतो.

दाबोळीला याचा परिणाम प्रवाशांना अनेक वर्षे थेट जाणवत आला. नौदलाच्या वैमानिकांचे प्रशिक्षण दिवसाउजेडी व्हावे म्हणून सोमवार ते शुक्रवार सकाळचे काही तास नागरी उड्डाणांना बंद असत. मग दुपारी एकदम गर्दी, मध्यरात्री आणि पहाटे युरोपातली विमाने. १९८३ मध्ये राष्ट्रकुल प्रमुखांचा अनौपचारिक मेळावा गोव्यात झाला, १९८०च्या दशकात जर्मनीहून पर्यटकांची भाड्याची विमाने येऊ लागली, १९९०नंतर ती वाढतच गेली. डिसेंबर २०१३ मध्ये नवी टर्मिनल इमारत सुरू झाली. २०१८-१९ या वर्षात ८० लाखांहून अधिक प्रवाशांनी हा विमानतळ वापरला. धावपट्टी मात्र एकच आणि ती सामायिक. ३ जानेवारी २०१८ रोजी नौदलाचे एक मिग-२९के उड्डाणाच्या वेळी पट्टीवरून बाहेर गेले आणि पेटले. शिकाऊ वैमानिक वाचला, विमानतळ काही तास बंद. ८ जून २०१९ रोजी उड्डाण करणाऱ्या मिगची इंधनटाकी पट्टीवर पडून आग लागली, पुन्हा विमानतळ बंद. प्रवाशांची विमाने दुसरीकडे वळवावी लागली.

गोव्यात या सामायिकपणाबद्दल वर्षानुवर्षे वाद चालला आहे. विमानतळ नागरिकांसाठी बांधलेला होता, तो परत द्या, अशी मागणी तिथे जुनी आहे, आणि तिच्यात तथ्य आहे. नौदलाचे म्हणणेही हलके नाही. विमानवाहू नौकेवरच्या वैमानिकाला घडवायला धावपट्टी, समुद्र आणि मोकळे आकाश एकत्र लागते आणि अशा जागा किनाऱ्यावर मोजक्याच आहेत. दाबोळीला तर डेकवरून उडण्याचा सराव करण्यासाठी खास उताराची रचनाही उभारलेली आहे. माझे मत असे की चूक ताबा देण्यात झाली नाही. नागरी वाहतुकीसाठी दुसरी धावपट्टी लागेल हे ओळखून ती बांधायला आपण फार उशीर केला, चूक ती. उत्तर गोव्यातल्या पेडणे तालुक्यात मोपा इथे विमानतळ करायला केंद्राची मंजुरी २००० साली मिळाली होती. तो ‘मनोहर आंतरराष्ट्रीय विमानतळ’ म्हणून सुरू झाला ५ जानेवारी २०२३ रोजी. आज मोपाला नागरी उड्डाणे चोवीस तास होऊ शकतात, कारण तिथे वेळ वाटून घ्यायला दुसरा कोणी नाही. तिकीट काढताना दोन्ही विमानतळांचे संकेत वेगळे असतात हे बघून घ्यावे : दाबोळीचा ‘जीओआय’, मोपाचा ‘जीओएक्स’. दोघांत बरेच अंतर आहे आणि चुकीच्या विमानतळावर गेलेल्या माणसाचे विमान हमखास सुटते.

दाबोळीला उतरलात आणि हाताशी दोन तास असले तर बोगमाळोच्या रस्त्यावरचे नौदलाचे विमान संग्रहालय पाहून घ्या. ते १९९८ मध्ये सुरू झाले. मैदानात सी हॉक आहे, सी हॅरियर आहे आणि या सर्वांत मोठे, तीन शेपट्यांचे, चार पंख्यांचे सुपर कॉन्स्टेलेशनही आहे. हे एअर इंडियाच्या ताफ्यातले, ‘राणी ऑफ एलोरा’ नावाने उडालेले. पुढे ते हवाई दलाकडे आणि मग नौदलाच्या सागरी टेहळणीकडे गेले. १९६१ च्या त्या रात्री उडाले ते याच जातीचे होते. विमानाची लांबी साधारण ३५ मीटर आहे. त्याच्या नाकाशी उभे राहून अशी वीस विमाने एकापुढे एक मनातल्या मनात मांडा. कोर्रेया रेइस यांना अंधारात मिळालेली पट्टी तेवढीच होती.